लिमोजमध्ये मेले किती?

सप्टेंबर 1370 मध्ये इंग्लंडच्या युवराजाने, पुढे ज्याला ब्लॅक प्रिन्स म्हणू लागले त्या एडवर्डने, फ्रान्समधलं लिमोज शहर घेतलं. तटाखाली भुयार खणून तट पाडला आणि त्याची माणसं आत शिरली. ज्यां फ्रुआसार या बखरकाराने पुढचा आकडा लिहून ठेवला: 3,000 हून जास्त पुरुष, बायका, मुलं कापली गेली. कित्येक शतकं हा आकडा पुस्तकांतून फिरला. मग 2014 च्या सुमारास युवराजाचंच एक पत्र संशोधकांच्या हाती लागलं, शहर पडल्यावर तीनच दिवसांनी लिहिलेलं. त्यात सुमारे 200 सरदार आणि शिपाई कैद केल्याचं आहे, कत्तलीबद्दल अवाक्षर नाही. लिमोजच्याच मठातली नोंद मृतांचा आकडा 300 च्या आसपास देते. एवढं हाती आल्यावर वाद पेटला नसता तरच नवल. एक बाजू म्हणते, फ्रुआसार थापाड्या होता, त्याची बखर उचला आणि कादंबऱ्यांच्या कपाटात ठेवा. दुसरी म्हणते, बघा, ती माणसं सभ्यच होती, त्यांच्या लढाईला रीत होती, बदनामी उगाच झाली. कत्तल मुळात फ्रेंच शिबंदीनेच केली असावी, इथपर्यंत काहींची मजल गेली.

बखर खोटी आणि कागद खरा, हे आपल्याकडच्या इतिहासप्रेमींना नवं नाही. इतिहाससंशोधक वि. का. राजवाड्यांनी 1898 साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड काढला, तेव्हापासून अस्सल चिठोऱ्यापुढे बखरीची किंमत काय, हा सवाल आपण एकमेकांच्या अंगावर फेकतच आलो आहोत. त्यामुळे लिमोजचा वाद आपल्याकडच्या मंडळींनी उत्साहाने उचलला आणि तितक्याच उत्साहाने बिघडवला. माझं म्हणणं असं आहे की दोन्ही बाजू चुकीच्या जागी खणतायत. मध्ययुगीन युद्धबखरी सरदारी बाण्याबद्दल, म्हणजे ‘शिव्हल्री’बद्दल, बहुतांशी खरं बोलतात. तो बाणा होता, पाळला जात होता, त्यापायी माणसं मरतसुद्धा होती. फक्त तो कुणाकुणाला लागू होता, हे त्यांच्या पानापानांवर लिहिलेलं असताना आपण वाचत नाही. आणि युवराजाचं ते पत्र बखरीला खोटं पाडत नाही. बखर जे सांगते त्याला ते साक्षच देतं.

आधी फ्रुआसारच्या विरोधात जे जे आहे ते मान्य करून टाकतो, कारण ते थोडं नाही. हा माणूस 1337 च्या सुमारास व्हालान्सिएनमध्ये जन्मला, म्हणजे इंग्लंड आणि फ्रान्समधल्या, शंभर वर्षांच्या म्हणवल्या जाणाऱ्या युद्धाबरोबरच. त्यातली क्रेसीची लढाई 1346 ची, प्वातिएची 1356 ची. पहिलीच्या वेळी तो पोर होता आणि दुसरीच्या वेळी मैदानापासून लांब. सुरुवातीच्या काळासाठी त्याने लिएझच्या ज्यां ल बेल या धर्माधिकाऱ्याचा मजकूर पानंच्या पानं उचलला. तो इंग्लंडचा राजा तिसरा एडवर्ड याच्या राणीच्या, म्हणजे युवराजाच्या आईच्या, फिलिपाच्या पदरी होता, त्यामुळे पहिल्या भागाला इंग्रजी वास येतो. पुढे त्याचा आश्रयदाता झाला गी द ब्ल्वा, ज्याचा बाप क्रेसीला फ्रेंचांकडून लढताना मेला होता. मग तोच भाग पुन्हा लिहिताना वास बदलला. पहिल्या भागाची त्याने आयुष्यभरात अनेकदा फेरमांडणी केली. गावांची नावं चुकतात, आकडे तर सरळ फुगवलेले असतात. लिमोजला तो नव्हताच. फिलिपा 1369 मध्ये वारली आणि त्याने इंग्लंड सोडलं होतं. तेव्हा 3,000 हा आकडा माझ्या मते टिकत नाही. तो धरून बसण्यात अर्थ नाही.

पण लिमोजच्या त्या प्रकरणात आकड्याच्या पुढेमागे काय आहे? शहर मुळात युवराजाच्याच अमलाखालचं होतं. ऑगस्टमध्ये तिथल्या बिशपने ते फ्रेंचांच्या हवाली केलं, आणि हा बिशप युवराजाचा खास माणूस, त्याच्या मुलाचा धर्मपिता. म्हणून संताप. आजारी युवराजाला घोड्यावर बसवत नव्हतं, तो गाडीतून शहरात आला. लोक त्याच्यापुढे गुडघे टेकून दयेची भीक मागत होते आणि त्याने कुणाचं ऐकलं नाही. इथे फ्रुआसार स्वतःच्या तोंडाने एक वाक्य बोलतो. त्याचा आशय असा: ज्यांच्या हातून फितुरी होण्याची ताकदच नव्हती त्या गरिबांची यांना कीव का आली नाही, मला कळत नाही, फितुरी केली थोरांनी आणि तिची किंमत त्या थोरांपेक्षा जास्त मोजली गरिबांनी. पदरी राहून लिहिणाऱ्या भाटाचं हे वाक्य आहे का? ज्या युवराजाच्या आईच्या घरचं मीठ खाल्लं, त्याच्याबद्दल तो हे लिहितोय.

लगेच पुढच्या परिच्छेदात गोष्ट वळते. तीन फ्रेंच सरदार भिंतीला पाठ लावून उभे राहतात आणि इंग्रजांकडून तिघे त्यांना भिडतात, त्यांत खुद्द युवराजाचा भाऊ जॉन ऑफ गाँट. तलवारबाजी अशी रंगते की युवराज गाडी थांबवून बघत राहतो, आणि बघता बघता त्याचा राग निवळतो. शेवटी ते तिघे म्हणतात, आम्ही तुमचे झालो, शस्त्रांच्या कायद्याप्रमाणे वागवा. गाँट उत्तरतो, दुसरं आम्ही करणारच नाही. बिशपचंही डोकं वाचलं, तेही गाँटच्याच मध्यस्थीने. म्हणजे ज्याने दगा केला तो जगला, जे शस्त्र घेऊन लढले ते जगले, आणि गुडघे टेकले ते मेले.

आता ते पत्र पुन्हा वाचा. युवराज ते लिहितोय फ्वाच्या काउंटला, गास्ताँ फेब्यूसला, म्हणजे आपल्या बरोबरीच्या माणसाला. काय कळवतोय? किती मातब्बर असामी हाती लागल्या. प्रत्येक कैदी सरदार म्हणजे सुटकेची खंडणी, म्हणजे रोख रक्कम, म्हणून मोजदाद. गावकऱ्यांची मोजदाद कशाला करायची? पत्रात त्यांचा उल्लेख नाही यावरून ते मेले नाहीत असं ठरवणं म्हणजे सावकाराच्या वहीत नाव नाही म्हणून गावात भिकारी नव्हताच असं म्हणणं. कागद अस्सल असला म्हणजे निःपक्षपाती असतो, ही आपली जुनी भाबडी समजूत आहे. अस्सल कागदही कुणीतरी कुणालातरी काहीतरी मिळवण्यासाठी लिहिलेला असतो. उलट बखरकाराला निदान गोष्ट पूर्ण सांगायची खाज असते, आणि त्या नादात तो नको तेही सांगून जातो.

दुसऱ्या बाजूचं, म्हणजे ‘तेव्हाच्या युद्धात माणुसकी होती’ म्हणणाऱ्यांचं, मी हसण्यावारी नेणार नाही. त्यांच्याकडे पुरावा आहे. प्वातिएला फ्रान्सचा राजा ज्यां पकडला गेला, त्या रात्री हाच ब्लॅक प्रिन्स त्याच्या पंगतीला वाढायला उभा राहिला आणि मी तुमच्या मांडीला मांडी लावून बसण्याच्या योग्यतेचा नाही म्हणाला. पुढे 1360 च्या ब्रेतिन्यीच्या तहात या राजाच्या सुटकेची किंमत ठरली 30 लाख सोन्याचे एक्यू. मुलगा ओलीस ठेवून राजा परतला, मुलगा ओलीसपणातून पळाला, तर हा राजा शब्दाखातर आपल्या पायांनी लंडनला कैदेत परत गेला आणि तिथेच 1364 मध्ये वारला. त्यानेच काढलेल्या ‘तारा’ नावाच्या सरदारसंघात रणातून अमुक अंतरापलीकडे मागे सरायचं नाही अशी शपथ होती. 1352 मध्ये ब्रिटनीतल्या मोराँच्या लढाईत त्यातले कितीतरी जण ती शपथ पाळत जागेवर मेले. हे ढोंग म्हणता येत नाही. ढोंगासाठी कुणी मरत नाही. बाणा खोटा होता, सगळा मुलामा होता, असं म्हणणाऱ्यांनी मोराँचं काय करायचं ते सांगावं.

पण मग बिल कुणाच्या नावावर फाटलं? राजाचे ते 30 लाख भरण्यासाठी डिसेंबर 1360 मध्ये फ्रान्सभर मालावर आणि मिठावर कर बसले, आणि ते बसले ते बसलेच. त्याच निमित्ताने नवं नाणं पाडलं, ‘फ्रँक’, मुक्त. राजा मुक्त झाला. मीठ खाणारा प्रत्येकजण त्याच्या मुक्ततेचे हप्ते फेडत राहिला. राजाचा शब्द सोन्यासारखा होता यात वाद नाही, सोनं मात्र दुसऱ्यांचं होतं.

क्रेसीच्या वर्णनातलं एक बारीकसं ठिकाण मला यासाठी फार महत्त्वाचं वाटतं. लढाई जिंकल्यातच जमा होती तेव्हा वेल्स आणि कॉर्नवॉलची पायदळातली माणसं मोठाले सुरे घेऊन पुढे सरकली आणि घोड्यावरून पडलेल्या फ्रेंच सरदारांना मारत सुटली. काउंट नाही, बॅरन नाही, काही बघितलं नाही. फ्रुआसार सांगतो, इंग्लंडच्या राजाला याचा नंतर राग आला, कारण त्यांना खंडणीसाठी जिवंत धरलं नव्हतं. वेल्सच्या त्या माणसाच्या बाजूने विचार करून बघा. तो जमिनीवर पडलेल्या सरदाराला का सोडेल? तो स्वतः पडला असता तर त्याला कुणी सोडलं असतं? त्याच दिवशी फ्रेंच राजाने, आपल्याच बाजूचे जिनोआचे भाडोत्री धनुर्धर मागे हटून वाटेत आले म्हणून, ही रद्दी कापून काढा असा हुकूम दिला होता. आपलीच माणसं! कायदा एकमेकांना वाचवण्याचा होता, आणि ‘एकमेक’ या शब्दात ही माणसं बसत नव्हती. जे कायद्यात नव्हते त्यांनी कायदा मोडला, याला क्रौर्य म्हणायचं की हिशेब?

शब्दांचंच बोलायचं तर ‘शिव्हल्री’ला आपण ‘क्षात्रधर्म’ म्हणतो तिथेच घोटाळ्याला सुरुवात होते. धर्म म्हटलं की सगळ्यांवरचं कर्तव्य डोळ्यांसमोर येतं, शरणागताला अभय आलं, निःशस्त्रावर वार न करणं आलं. फ्रेंच ‘शव्हालिए’ म्हणजे मुळात घोडेस्वार. आपला त्याला जवळचा शब्द ‘शिलेदार’: ज्याचा घोडा स्वतःचा, हत्यार स्वतःचं. ज्याला घोडा सरकारने दिला तो बारगीर. या शब्दात नीती नाही, मालमत्ता आहे, आणि मला वाटतं सत्य तिथेच आहे. शिव्हल्री म्हणजे शिलेदारांचा आपसातला करार. त्यात विमाही होता आणि व्यापारही. कराराबाहेरच्यांशी क्रूर वागणं हा त्या कराराचा भंग नव्हता. 1355 च्या हिवाळ्याआधी ब्लॅक प्रिन्सने बोर्दोपासून नार्बोनपर्यंत जी दौड मारली तिचं काम एकच, वाटेतली गावं, गिरण्या, कोठारं जाळत जायचं. तिच्याबद्दल त्याच्या कारभाऱ्याचं पत्र आहे आणि त्यात लाज कुठेच नाही, अभिमान आहे: फ्रेंच राजाचं केवढं उत्पन्न बुडवलं! दुसऱ्या वर्षी त्याच हातांनी त्याने राजाला जेवायला वाढलं. यात विसंगती आपल्याला दिसते. त्याला दिसली नसावी.

फ्रुआसारची सगळ्यात लाजिरवाणी पानं 1358 ची आहेत. पॅरिसच्या उत्तरेकडची खेडी उठली, ‘जाकरी’ म्हणतात तिला. त्याने ल बेलकडून घेतलेली गोष्ट रंगवली आहे: शेतकऱ्यांनी एका सरदाराला बायकोमुलांदेखत सळईला लावून भाजलं. मग मो शहरात अडकलेल्या थोरामोठ्यांच्या बायकांना सोडवायला दोन वीर धावून येतात. एक फेब्यूस आणि दुसरा इंग्रजांच्या बाजूचा काप्ताल द ब्यूश. एरवी दोन पक्षांतले, पण प्रशियातली मोहीम करून बरोबर परत येत होते. त्यांनी शेतकरी जनावरांसारखे मारले, 7,000 हून जास्त, असं तो आनंदाने सांगतो. शत्रुपक्षाचे सरदार शेतकऱ्यांविरुद्ध एका क्षणात सोयरे होतात, यापेक्षा त्या कराराचं स्वरूप आणखी कसं उघड व्हावं? बंडाचा पुढारी गियोम काल याला तर नाव्हारच्या राजाने बोलणीसाठी बोलावून पकडलं आणि मारलं. शब्द द्यायचा तो बरोबरीच्याला, शेतकऱ्याला दिलेला शब्द मोडला तर बाटायचं काय?

इथे कागदवाल्यांचं पारडं जड आहे, हे कबूल. बंड मोडल्यावर राजाने जी माफीपत्रं दिली त्यांत खेडूत, कारागीर, गावचे बरे मिळवते लोक दिसतात. वाडे फोडले, जाळले, काही सरदार मारले. पण भाजलेल्या सरदाराचा पत्ता नाही. फक्त एवढं लक्षात ठेवू की माफी मागणारा आपला गुन्हा वाढवून सांगत नाही. मला मात्र या पत्रांपेक्षाही आणखी एक बखर जास्त उपयोगी वाटते. ज्यां द व्हनेत नावाचा कार्मेल पंथाचा साधू, घराणं शेतकऱ्याचं. तोही त्याच वर्षांबद्दल लिहितो. त्याच्या बखरीत तलवारबाजी जवळपास नाही. गावकऱ्यांनी देवळांच्या गढ्या केल्या, मनोऱ्यावर पोरं पहाऱ्याला बसवली, लांबून शत्रू दिसला की पोरांनी शिंग फुंकायचं किंवा घंटा वाजवायच्या आणि लोकांनी शेतातून, घरातून पळत देवळात शिरायचं. घंटेचा अर्थच बदलला, ती प्रार्थनेला बोलावण्याऐवजी पळा म्हणायला लागली. हाही बखरकारच आहे, हाही राग धरून लिहितो, हाही चुकतो. पण बखर म्हणजे खोटं, असं ठरवून तुम्ही कपाट बंद केलंत की फ्रुआसारबरोबर व्हनेतही आत कोंडला जातो. मग घंटेचं कोण सांगणार? युवराजाचं पत्र?

याच जागी मला आपल्या घरचं बोलावं लागतं. 1740 च्या दशकात नागपूरकर भोसल्यांच्या फौजा बंगालवर गेल्या. आपल्याकडे त्या मोहिमा चौथाईच्या आणि पराक्रमाच्या खात्यात आहेत, आणि 1744 मध्ये अलिवर्दीखानाने भास्करपंतांना भेटीला बोलावून दग्याने मारलं, याचा आपल्याला राग येतो. यायलाच हवा. पण ज्यांच्या गावांवरून ती घोडी गेली त्यांच्यातल्या गंगाराम नावाच्या कवीने बंगालीत ‘महाराष्ट्र पुराण’ लिहिलं. त्यात लुटलेली, जाळलेली गावं आहेत, पळणारी माणसं आहेत आणि बायकांवरचे अत्याचार आहेत. आपला बारगीर तिकडे ‘बर्गी’ झाला, आणि बंगालमधली मुलं त्याच्या नावाची भीती घालून झोपवली गेली. आता यातली बखर कुठली खोटी? भास्करपंतांचा खून खरा आणि गंगारामाची गावंही खरी. पण आपल्यातले कितीजण दोन्ही वाचतात? व्हनेतबद्दल वाचताना माझ्या मनात गंगाराम आला, आणि फ्रुआसारच्या वाचकांना नावं ठेवण्याचा माझा जोर जरा कमी झाला, हे सांगून टाकतो.

फ्रुआसारला मी सोडत नाही त्याचं अजून एक कारण, त्याचा कान. 1381 च्या इंग्लंडमधल्या शेतकरी उठावाबद्दल तो तिरस्काराने लिहितो. जॉन बॉल या पाद्र्याला तो वेडा म्हणतो. आणि मग त्या वेड्याला अख्खं भाषण देतो: आपण सगळे एकाच आईबापाची लेकरं, आदम-ईव्हची, मग हे कोण मोठे लागून गेले? ते मखमल नेसतात, आपण जाडंभरडं. त्यांना दारू, मसाले, चांगली भाकरी, आपल्याला कोंडा आणि पाणी. आणि त्यांचा थाट चालतो तो आपल्या राबण्यावर. उठावाच्या बाजूने लिहिणाऱ्याला यापेक्षा धारदार काय सुचलं असतं? शब्द बॉलचे जसेच्या तसे नसतील. पण शत्रूचं म्हणणं इतक्या ताकदीने मांडणारा नुसता खोटारडा कसा? विरोधकाच्या तोंडी मुद्दाम दुबळी वाक्यं घालण्याची कला तर आज आपल्याला जास्त साधली आहे.

हाच कान घेऊन तो 1388 मध्ये पायरेनीज पर्वताच्या पायथ्याशी ऑर्तेझला गेला, त्याच गास्ताँ फेब्यूसच्या दरबारी. तिथल्या खानावळीत एका रात्री त्याला बास्को द मोलेआँ भेटला, गास्कनीचा जुना भाडोत्री सैनिक. शेकोटीपाशी बसून बास्कोने आपला जन्मभराचा हिशेब सांगितला: कधी इतका श्रीमंत झालो, कधी इतका कफल्लक की चढायला घोडा नाही. त्यात त्युरी नावाचा गढीचा गाव आपण कसा घेतला तेही सांगितलं. गावाबाहेर एक झरा होता, रोज सकाळी बायका घागरी घेऊन तिथे पाण्याला यायच्या. बास्कोने आपली निवडक माणसं बायकांच्या वेशात तिथे नेली, स्वतःही लुगडं नेसला म्हणा ना. घागरी भरल्या, पदर तोंडावर ओढले आणि ही टोळी वेशीकडे निघाली. वेशीत पहाऱ्याला एक चांभार, तो आपल्या कामात. आत शिरल्यावर शिंग फुंकलं, मागे दडलेले बाकीचे धावत आले आणि गाव पडलं. लूट आणि आसपासच्या खेड्यांकडून उकळलेला पैसा धरून त्या गावाने आपल्याला लाखभर फ्रँक दिले, असं तो कौतुकाने सांगतो, आणि फ्रुआसार तितक्याच कौतुकाने उतरवून घेतो. गावाचं पुढे काय झालं, तो विचारत नाही.

वेशीत शिरण्याआधी मात्र वाटेत खऱ्या पाणक्या बायका भेटल्या होत्या, हेही बास्को सांगतो आणि फ्रुआसार तेही गाळत नाही. त्या आत्ता कुठे झऱ्याकडे निघाल्या होत्या. भरल्या घागरींची ही रांग बघून त्या म्हणाल्या, अगं बाई, आज तुम्ही फारच लवकर उठलात.